पोटुश्या तळ्यात जाळं टाकत नसतात

मी शाळेत दुसरीपर्यंत गेलो, तिथून पुढं तळ्यावर. म्हणून हे लिहिणं बोलल्यासारखं वाटंल. नातसून म्हणाली, आजोबा, द्या इकडं, मी नीट करून देते. मी म्हणालो, तुझं नीट तुझ्यापाशी ठेव.

आम्ही भोई. आमचं गाव लासूर स्टेशनच्या अंगाला. गावाखालचं तळं निजामाच्या काळातलं. माझा बाप देशमुखाला विचारून त्यात जाळं टाकायचा. पोलिस ॲक्शन झाली, निजाम गेला, तळं सरकारचं झालं. बाप म्हणायचा, "पहिलं एकालाच सलाम करावा लागायचा. आता कुणाला करायचा हे इचारत फिरावं लागतंय." पुढं सरकारनं सांगितलं, एकेकट्या भोयाला तळं मिळणार नाय, सोसायटी करा. केली. मला सही येत होती आणि साहेबापुढं माझी मान खाली जात नव्हती, म्हणून चेअरमन मला केलं. दर काही सालांनी ठेका संपायचा आणि परत आमच्याच सोसायटीला मिळायचा. दुसरं मागायलाच कुणी नव्हतं.

मासे मी धरायचो, पण विकायची बायको. लासूरच्या बाजारात गोदामाच्या भिंतीला एक कडुनिंब होता, त्याच्या बुडाशी तिची जागा. आधी माझी आई तिथं बसायची, तिच्यामागं ही. त्या बाजाराचा कायदा असा, की जागा चार बाजार रिकामी दिसली की ती गेली. शेजारी एक बांगडीवाली बसायची. बायकोला यायला जरा उशीर झाला की तिचा एक पाय आमच्या जागेत आलेला असायचा. तळं गेलं तर मी कुठंबी मजुरीला जाईन, पैठणच्या धरणावर दुसऱ्याच्या होडीत बसंन. पण बायकोची जागा गेली तर ती परत मिळणार नव्हती. हे ती मला दर बाजारी सांगायची, भाकरी वाढता वाढता.

अशात एका साली ठेका संपला आणि शेजारच्या गावातनं दुसरी सोसायटी उभी राहिली. चेअरमन कोण, तर पिठाच्या गिरणीचा मालक. गळ्यात तुळशीची माळ, मटणाच्या वासानं नाक धरणारा माणूस. त्याचे सभासद म्हणजे त्याचे भाऊ, पुतणे आणि गिरणीवरचा हमाल. कुणीतरी त्याला सांगितलं होतं, की तळं घ्या, मासे दुसरे धरतील, तुम्ही नुस्तं बसून रहा. बसून रहायची त्याला सवय होती.

दोन सोसायट्यांचे अर्ज आले तेव्हा मासळीखात्याचे साहेब पेचात पडले. कायदा असा, की जे खरोखर मासे धरून पोट भरतात त्यांची सोसायटी पहिली. दोघंबी म्हणत होते, आम्ही खरे. साहेब नवीन होते, माणूस वाईट नव्हता, पण प्रत्येक गोष्टीला परीक्षा घ्यायची खोड. त्यांनी हुकूम काढला, की दोन्ही सोसायट्यांनी तळ्यावर यावं, प्रत्यक्ष जाळं टाकून दाखवावं.

हुकूम निघाला आषाढातला.

आता हे आमच्यातलं शेंबडं पोरगंबी सांगंल. नवं पाणी तळ्यात उतरलं की मासळीच्या पोटात अंडी धरतात. तळं पोटुशं असतं. तळ्याच्या काठाला सात दगड आहेत, साती आसरा, पाण्यातल्या देवी. पोळा झाला की पहिल्या मंगळवारी आमच्या बाया त्या दगडांना हळदीकुंकू लावतात, हिरव्या बांगड्या ठेवतात, दहीभात ठेवतात. तोवर पाण्याला जाळ्याचा धागा लागू द्यायचा नाय. माझ्या बापानं लावला नाय, त्याच्या बापानं लावला नाय.

पण साहेबाचा हुकूम, गेलं पाहिजे. आम्ही सगळे गेलो. जाळी धुतली, तुटलेले धागे सांधले, शिशाच्या गोळ्या नीट ओवल्या, डोक्याला पटके बांधले आणि काठावर ओळीनं उभे राहिलो. साहेब छत्रीखाली खुर्चीवर.

"टाका जाळं," साहेब म्हणाले.

"नाय," मी म्हणालो.

"येत नाही का?"

"येतं."

"मग टाका."

"टाकणार नाय."

साहेबानं माझ्या तोंडाकडं बघितलं, मी साहेबाच्या. त्यांनी जेवढं विचारलं तेवढं मी सांगितलं. आता लोक म्हणतात, कारण सांगायचं होतं. का सांगायचं? तळ्याच्या खात्याचा साहेब, त्याला आषाढात तळ्याला काय झालेलं असतं हे मी सांगू? सुईणीला कुणी सांगतं का, बाईला दिवस गेलेत म्हणून?

मग गिरणीवाल्याची पाळी. त्यानं फेकजाळं कुठनं तरी उसनं आणलेलं. ते त्यानं घोंगड्यासारखं खांद्यावर घेतलं, राम राम म्हणाला, तोंड दुसरीकडं केलं आणि फेकलं. जाळं उघडलंच नाय. पिळलेल्या धोतरागत पाण्यात पडलं आणि त्याची माळबी संगं ओढून नेत होतं, ती हमालानं धरली. पण नशीब बघा. जाळं वढून काढलं तर त्यात एक मरळ. एवढी मोठी, पोटानं फुगलेली. तिला पळता येईना म्हणून सापडली असंल.

गिरणीवाला तिच्याकडं बघंना. हात लांब धरून मला म्हणाला, "मामा, हिचं काय करायचं असतं?"

"सोडून द्या, शेठ. पोटुशी हाय."

त्यानं लगेच सोडली. लई सुटका झाल्यागत हात पुसले.

साहेबानं पंचनामा लिहिला. भोयांच्या सोसायटीनं जाळं टाकायला नकार दिला, सबब त्यांना ते येत नसावं. दुसऱ्या सोसायटीनं जाळं टाकलं, मासा एक. तळं गिरणीवाल्याला.

घरी आलो तर बायकोला सगळं आधीच कळलेलं. चुलीपाशी बसून म्हणाली, "एकदा टाकलं असतं तर काय आसरांनी हात मोडला असता?"

"तू टाकलं असतंस?"

तिनं चुलीत लाकूड सारलं. म्हणाली, "नसतं टाकलं. पण तोंड उघडलं असतं."

पुढच्या बाजाराला तिनं पाटीत लिंबं भरली. तिच्या भावाच्या बांधावर लिंबाची दोन झाडं होती. मासे नाय तर लिंबं, पण कडुनिंबाखाली बसलीच. बांगडीवाली म्हणाली म्हणं, "काय गं, तुझ्या नवऱ्याला आता तळ्यात लिंबं सापडायलीत का?" हिनं उत्तर दिलं, "सापडू देत, तू तुझा पाय काढ."

मी औरंगाबादला गेलो. आता संभाजीनगर म्हणतात. तिथं नुकतंच हायकोर्ट आलेलं, मुंबईला जायची गरज उरली नव्हती. वकील तरणा होता, चष्मा सारखा नाकावर घसरायचा. सगळं ऐकून म्हणाला, "काका, केस चांगली आहे. पण एक समजून घ्या. तळं कुणाला द्यायचं, हे हायकोर्ट ठरवणार नाही."

"मग कोण ठरवणार?"

"साहेबच. कोर्ट एवढंच बघतं, की साहेबांनी ठरवताना रीत पाळली का. दोघांचं ऐकलं का, बघायचं ते बघितलं का, भलतंच काही धरून बसले का."

"म्हणजे भाकरी करपली का नाय ते बघायचं नाय. पीठ चाळलं होतं का, तवा नीट ठेवला होता का, तेवढंच बघायचं?"

"अगदी बरोबर."

"आन करपलेली भाकरी कुणी खायची?"

वकिलानं चष्मा वर केला आणि म्हणाला, "त्याला वेगळा अर्ज करावा लागतो." आजवर मला कळलं नाय तो थट्टा करत होता का खरं सांगत होता.

त्यानं अर्ज लावला आणि कोर्टाचा पहिला हुकूम आणला. निकाल लागंपर्यंत 'जैसे थे'. म्हणजे आम्हीबी मासे धरायचे नाय, गिरणीवाल्यानंबी धरायचे नाय.

मी तळ्यावर जाऊन बसलो. गिरणीवाला चोरून माणसं घालंल, कोर्टाचा अपमान व्हईल, तो आपण होऊ द्यायचा नाय. दुसऱ्या दिवशी बघतो तर पलीकडच्या काठावर गिरणीवाला बसलेला. भोई चोरून जाळं टाकतील म्हणून तो राखण करायला आलेला. पुढं थंडी पडली. त्याच्या काठाला सावली, माझ्या काठाला ऊन, म्हणून तो माझ्याकडं यायला लागला. घरनं चहाची किटली आणायचा. आम्ही दोघं एका घोंगडीवर बसून एकमेकांवर राखण ठेवायचो.

आणि पाणकावळे मासे खायचे. पाणकावळे, बगळे, ढोक, कुठकुठनं गोळा झाले. त्यांना बातमी लागली असणार, की या तळ्यावर माणसाला बंदी हाय. पाण्यात बुडी मारायचे, रोहू घेऊन वर यायचे, आमच्या समोरच्या बाभळीवर बसून खायचे आणि पंख पसरून वाळत बसायचे. मी दगड मारायला लागलो. गिरणीवाला म्हणाला, "मामा, थांबा. पक्ष्यांनी मासे खाणं हे पहिल्यापासूनचं हाय. आपण हाकललं तर जैसे थे राहील का?"

मी वकिलाला विचारायला खास औरंगाबादला गेलो. पाणकावळ्यांना हाकलावं का नाय? वकिलानं चष्मा पुसला आणि म्हणाला, हाकला, पण फार नका हाकलू.

दुसऱ्या साली पाऊसच नीट झाला नाय. पाणी आटत चाललं, मासे डबक्यात एकावर एक. आमच्या डोळ्यांदेखत मरत होते, काठाला वास सुटला होता, तरी कोर्टाचा हुकूम म्हणून कुणी हात लावला नाय. गिरणीवाला नाकाला उपरणं लावून बसायचा. उठला मात्र नाय, तेवढं त्याचं मानतो. बायको लिंबं विकत होती. तिच्या लिंबांना गिऱ्हाईक लागलं होतं ही गोष्ट मला आवडत नव्हती, पण ती बोलायची सोय नव्हती.

शेवटी माघात केस निघाली. लासूरहून मी पॅसेंजरनं गेलो, खांद्यावर जाळं. कोर्टात कुणी विचारलं, तुला येतं का, तर तिथंच उघडून दाखवायचं असं ठरवलं होतं. दारावरच्या शिपायानं अडवलं. शहरातला, तिकडचं दखनी बोलणारा.

"चाचा, इदर मच्छी बेचना मना है."

"विकायला नाय आणलं, पुरावा हाय."

"पुरावे को बास आ रई ना, चाचा. भार रखो."

जाळं बाहेर, छत्र्यांच्या संगं ठेवावं लागलं.

आत दोन न्यायमूर्ती. बोलणं सगळं इंग्रजीत. सरकारी वकील उभा, आपला वकील उभा, पंचनामा वाचला. मला एक शब्द कळंना. मग मोठ्या न्यायमूर्तींनी मराठीत विचारलं, "यांनी जाळं का टाकलं नाही?"

वकिलानं सगळं सांगितलं. आषाढ, अंडी, साती आसरा, पोळ्यानंतरचा मंगळवार.

न्यायमूर्ती सरकारी वकिलाकडं वळले. "साहेबांनी यांना कारण विचारलं होतं का?"

त्यानं कागद पुढं-मागं केले. "विचारल्याचं दिसत नाही."

"टाकणार नाही म्हणणं आणि टाकता येत नाही म्हणणं, एकच का?"

तिथं मी उभा राहून 'नाय' म्हणालो. वकिलानं माझा सदरा धरून खाली बसवलं. पण न्यायमूर्तींनी ऐकलं होतं आणि ते हसले, हे मी बघितलं.

बाहेर आल्यावर वकील म्हणाला, "काका, जिंकलो. साहेबांचा निर्णय रद्द."

"म्हणजे तळं आमचं."

"नाही. साहेबांनी दोघांचं नीट ऐकून, कारणं विचारून, नव्यानं ठरवायचं. कोर्टानं मुदत दिली आहे."

"कोणते साहेब?"

"तेच."

माझं डोकं फिरलं. म्हणालो, "आपण कुणाच्या विरोधात जिंकलो?"

"साहेबांच्या."

"मग निकाल कोण देणार?"

"साहेब."

जाळं उचललं आणि स्टेशनाकडं चालायला लागलो. वाटेत तीन जणांनी मला माशाचा भाव विचारला.

साहेबांनी मुदत पुरी होईस्तोवर दम काढला आणि वैशाखात परत हुकूम आला. दोन्ही सोसायट्यांनी तळ्यावर यावं, जाळं टाकून दाखवावं. आता तळ्यात थेंब नव्हता. चिखलाला भेगा पडलेल्या, भेगांत शेळ्यांचे पाय अडकत होते. वाटलं, साहेब येतील, बघतील आणि माघारी जातील. पण कोर्टानं एकदा कान धरल्यावर ते आता कागद सोडून एक पाऊल टाकायला तयार नव्हते. मागच्या कागदात परीक्षा लिहिली होती, म्हणजे परीक्षा झाली पाहिजे. तळ्याच्या मध्यावर खुर्ची मांडली. छत्री उघडली.

साहेबानं कागदात बघून मोठ्यानं विचारलं, "जाळं टाकायला तुमची काही अडचण आहे का? असल्यास कारण सांगावं."

"पाणी नाय," मी म्हणालो.

साहेबानं ते लिहिलं. मग म्हणाले, "हे कारण परंपरेचं आहे का?"

"नाय, उन्हाचं."

तेबी लिहिलं. "मग परंपरेची हरकत नाही?"

आता मीबी विचारात पडलो. आषाढ नाय, पाणी नाय, पोटुशी कोण असणार? जाळ्याला पाणी लागणारच नव्हतं. काठाकडं बघितलं. बायका आल्या होत्या, सात दगडांपाशी पदर घेऊन बसल्या होत्या. माझी बायकोबी तिथं. तिनं हातानं खूण केली, टाका आता.

मी जाळ्याचा काठ दातात धरला, निम्मं कोपरावर घेतलं, कंबर वळवली आणि सोडलं. शिशाच्या गोळ्या वाळल्या चिखलावर एकदम वाजल्या, पत्र्यावर गारा पडाव्या तशा. जाळं पडलं ते गोल. परातीसारखं. कुठं दुमड नाय, कुठं सुरकुती नाय. जन्मभर जाळं पाण्यात टाकलं, ते बुडतं, त्याचा गोल कुणाला दिसतो? त्या दिवशी सगळ्या गावानं बघितला. एक शेळी त्याच्या मधोमध येऊन उभी राहिली.

गिरणीवाल्यानं टाकलं ते बाभळीच्या वाळल्या झुडपाला लागलं. ते सोडवायला आमचीच माणसं धावली, नायतर उसनं जाळं फाटलं असतं.

साहेबानं लिहिलं. भोयांच्या सोसायटीचं जाळं गोल. दुसऱ्या सोसायटीचं जाळं झुडपात. मासे दोघांचेही निरंक. दोघांनाही कारण विचारलं. आणि मग पानभर लिहून तळं आम्हाला दिलं.

गिरणीवाला चहाची किटली घेऊन घरी आला. म्हणाला, "मामा, राग मानू नका, मी हायकोर्टात चाललोय. कोरड्या तळ्यात माशाची परीक्षा, हे काय झालं का?"

"जा, शेठ," मी म्हणालो. त्याच्या जागी मीबी गेलो असतो. खरं तर त्याचं म्हणणं बरोबरच होतं.

एकाच पॅसेंजरनं आम्ही दोघं गेलो. या खेपेला जाळं नेलं नाय. न्यायमूर्ती दुसरे होते. गिरणीवाल्याच्या वकिलानं सांगितलं, की पाणी नसताना मासेमारीची चाचणी घेतली. न्यायमूर्तींनी पंचनामा दोनदा वाचला. 'नाय, उन्हाचं' तिथं आले असावेत, कारण तोंडावर हात धरला. मग आमच्या वकिलानं तेच सांगितलं, जे मला पहिल्या दिवशी सांगितलं होतं. कोर्ट मासे मोजायला बसत नाही. दोघांना बोलावलं, दोघांना विचारलं, दोघांना एकच जमीन दिली, कारणं लिहिली. रीत पाळली. न्यायमूर्ती म्हणाले, बरोबर आहे. गिरणीवाल्याचा अर्ज गेला.

ज्या बोलण्यानं मागं माझं डोकं फिरलं होतं, त्याच बोलण्यानं तळं माझ्या पदरात टाकलं. म्हणून मी ते मानतो असं कुणी समजू नये. कोर्टानं मासे बघितलेच पाहिजेत, हे माझं म्हणणं तेव्हाबी होतं आणि आजबी हाय.

ठेका आषाढापासून सुरू झाला. त्या साली पाणी बरं आलं. आम्ही माशांचं बी पाण्यात सोडलं आणि घरी बसलो. तर श्रावणात खात्याची नोटीस. ठेका घेऊनही तुम्ही मासेमारी करत नाही, तो रद्द का करू नये? मी वकिलाला निरोप धाडला. त्यानं साहेबाला एवढंच कळवलं, की कारण तुमच्याच फायलीत आहे, हायकोर्टाच्या शिक्क्यासहित.

पोळा झाला. मंगळवारी बायांनी आसरांची पूजा केली. गिरणीवाला नारळ घेऊन आला, दगडांपुढं डोकं टेकवलं आणि जाळं पाण्यात पडायच्या आत निघून गेला. त्याला बघवत नाय. पहिल्या जाळ्यात आली ती बोटाएवढी मासळी आणि ओंजळभर झिंगे. पाणकावळ्यांनी आणि उन्हानं दुसरं ठेवलंच काय होतं?

बाजारच्या दिवशी बायको मासळीची पाटी घेऊन लासूरला निघाली. डोक्यावर मासळी, काखेत लिंबांची टोपली.

"लिंबं कशाला आता?" मी म्हणालो. "तळं आलं ना माघारी."

"तळं तुमाला कोर्टानं दिलं," ती म्हणाली. "जागा मला या लिंबांनी राखली. त्यांना आता उठवू का?"

मी तिच्या मागं मागं बाजारात गेलो. कडुनिंबाखाली ती बसली, मासळी पुढं, लिंबं बाजूला. बांगडीवालीनं पाय आखडून घेतला. एक मास्तरीण आली, पाटीत वाकून बघितलं, मासळी बारीक म्हणून तोंड वाकडं केलं आणि म्हणाली, "लिंबं कशी दिली?"

बायकोनं माझ्याकडं बघितलंसुद्धा नाय. लिंबं निवडून तिच्या पिशवीत टाकली आणि वरनं मूठभर झिंगे दिले.

"हे घ्या," म्हणाली. "लिंबाबरोबर बरे लागतात."